आम्ही फक्त बघायला गेलो होतो

६ ऑक्टोबर १९८५
फ्लोरिडा

दादा,

तुझं पाकीट काल मिळालं. दोन वर्षं चार महिने एक अक्षर नाही आणि एकदम जाडजूड पाकीट. मला वाटलं आईचा फोटो असेल. फाडलं तर आतून निघाला स्टँपपेपर, त्याच्यामागे त्या जुन्या कागदाची झेरॉक्स, आणि तुझी साडेतीन ओळींची चिठ्ठी. 'टाइप केलेलं आहे. खाली सही कर, उलट टपाली पाठव. १० फेब्रुवारीला मामलेदाराकडे तारीख आहे.' जेवतोस काय, झोपतोस कुठे, हे विचारायला चौथी ओळ अर्धी रिकामी होती. तेवढ्यात मावलं असतं.

आईला पत्ता दिला होता तो तिच्यापुरता. तू तो तिच्या ट्रंकेतून काढलास, हे मला इथे बसून दिसतंय.

स्टँपपेपरवर मी काय म्हणतोय ते तीन वेळा वाचलं. मी, राजाराम सोनू घाडी, वय तेवीस, म्हणे मे ८३ मध्ये बोरिवलीला डोंगराखालच्या पाड्यातल्या नऊ वारल्यांना जागा सोडायचा कागद त्यांच्या बोलीत पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवला, तो त्यांना नीट समजला, आणि त्यांनी राजीखुशीने अंगठे उठवले. असं मी म्हणतोय. मी इतकं छान बोलतो हे मलाच माहीत नव्हतं.

ती म्युनिसिपालिटीच्या शाळेतली विमलाबाई मध्ये पडली नसती तर पाड्यातल्या जान्याला तक्रार घेऊन जायला मामलेदार कचेरीचं दार कुठल्या बाजूला आहे तेही कळलं नसतं, असं तू लिहितोस. असेल. आता त्याला दार कळलंय तर तू का घामाघूम होतोस?

सही करणार नाही असं मी म्हटलेलं नाही. वेळ दे एवढंच म्हणतो.

माझं विचारलं नाहीस तरी सांगतो. बोट मी मायामीला सोडली. तिच्यावर भांडी घासून हाताची सालं निघाली होती. आता घाटकोपरच्या रमणिकभाईंच्या मोटेलात आहे. मोटेल म्हणजे रस्त्याकडेची लॉज. मायामीपासून दोन तास, चारी बाजूंना दलदल, डोक्याएवढं गवत आणि त्यात मगरी. मी चादरी बदलतो, नळ दुरुस्त करतो, पुढच्या दुकानात उभा राहतो. व्हिसा नाही म्हणून रमणिकभाई अर्धा पगार देतात आणि वर म्हणतात, "तू तो घरनो दीकरो छे." घरचा असण्याचे तोटे मला पहिल्यापासून माहीत आहेत.

दुकानात इथल्या आदिवासींची रंगीत जाकिटं आणि बाहुल्या विकायला असतात. त्यांना सेमिनोल म्हणतात. आपण रेड इंडियन म्हणतो ना, त्यातलेच. दर शुक्रवारी एमा नावाची म्हातारी माल घेऊन येते. सत्तरीची असेल. गळ्यात मण्यांच्या माळा इतक्या की मान दिसत नाही. तिला इंग्लिश येत नाही, म्हणून तिची मुलगी लुईझ बरोबर असते. ती त्यांच्या जमातीच्या ऑफिसात कामाला आहे.

म्हातारी काय करते ऐक. दहा जाकिटं आणली तरी दहा एकदम टेबलावर टाकत नाही. एक ठेवते. त्याचे पैसे घेते, पिशवीत घालते, पिशवीचं तोंड आवळते, मग दुसरं काढते. रमणिकभाई मला म्हणतात, "आ डोशी मारो जीव लेशे." म्हातारी ढिम्म. लुईझ म्हणाली, तिचा बापही मगरीची कातडी अशीच विकायचा. ढीग लावला की किंमत ढिगाची होते, कातड्याची नाही.

मला हसू आलं. मग जान्या आठवला. तो आपल्या दुकानाच्या ओट्यावर करवंदांच्या पाट्या, गवताचे भारे, सगळं एकदम उतरवायचा आणि म्हणायचा, "काय देशील तं दे." आणि तू देशील ते घेऊन जायचा.

आईला सांग मी बरा आहे.

राजा

१७ नोव्हेंबर १९८५

दादा,

तुझं एअरोग्राम मिळालं. या वेळी चारी कोपरे भरलेत, घडीवरसुद्धा शिव्या आहेत. बरं वाटलं, साडेतीन ओळींपेक्षा तू असा जास्त ओळखीचा वाटतोस.

तू विचारतोस, वारल्यांचा एवढा पुळका कधीपासून? सातबाऱ्यावर त्यांचं नाव आहे का? तिथे बिल्डिंग बांधणारा शेठ त्यांना बदल्यात वाडा तालुक्यात जमीन देतोय ती काय थोडी आहे? आणि शेवटी लिहितोस, 'आपण दुकान टाकलं म्हणून मीठ-मिरची त्यांच्या दारात आली. आपण त्यांना माणसात आणलं.'

हे वाचल्यावर मी लुईझला विचारलं, तुमच्यात पहिलं दुकान कोणी टाकलं? माझं इंग्लिश म्हणजे बोरिवलीच्या नाक्यावरचं, पण ती सावकाश बोलते, हातानेही बोलते. म्हणाली, आजोबांच्या वेळी नदीच्या तोंडाशी एक गोरा दुकानदार आला. आजोबा लाकूड कोरून केलेल्या होडीतून चार-चार दिवस प्रवास करून त्याच्याकडे जायचे. मगरीची कातडी, पाणमांजराची कातडी, पांढऱ्या बगळ्यांची पिसं. ती पिसं गोऱ्या बायकांच्या टोप्यांवर लागायची. त्याच्या बदल्यात कापड, मणी, कॉफी, बंदुकीची दारू, आणि हाताने फिरवायचं शिलाई मशीन. तेच मशीन एमा अजून चालवते. ही जाकिटं म्हणजे पट्ट्या शिवायच्या, आडव्या कापायच्या, परत शिवायच्या. मी म्हटलं आमच्या गोधडीसारखं, तर म्हातारी माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

मी म्हटलं, दुकानदाराने लुटलं असेल तुम्हाला. लुईझ म्हणाली, नाही, तो भला होता. रात्र झाली की आजोबा बायकापोरांसकट त्याच्या पडवीत झोपायचे, त्याने कधी हाकललं नाही. मग वाईट काय झालं? तर म्हणाली, "तो आमचा मित्र होता आणि रस्त्याचाही मित्र होता." दुकानापर्यंत रस्ता आला, रस्त्यावरून बाकीचे आले. पिसांपायी बगळे संपले, मग पिसांवर बंदी आली. कालवे खणून दलदलीतलं पाणी काढलं, शेती केली, घरं बांधली. होड्या सुक्या चिखलात पडून राहिल्या.

आता दादा, तो दुकानदार निदान भला तरी होता. तुझ्या मिठाच्या मापट्याच्या बुडाला डांबर होतं. मी स्वतः खरवडलं होतं एकदा, तू कानाखाली मारलीस. ज्यांना तू माणसात आणलंस म्हणतोस ते तुला माणूस समजत होते म्हणून मापट्यात डोकावले नाहीत.

आणि वाड्याची जमीन. ऐक, याच्यासाठीच हे पत्र लिहितोय.

लुईझने त्याच्याही आधीची गोष्ट सांगितली. दीडशे वर्षांपूर्वी सरकारला सेमिनोलांना फ्लोरिडातून घालवून लांब पश्चिमेला पाठवायचं होतं. आधी एक कागद केला. त्यात ठरलं की त्यांच्यातल्या काही जणांनी पश्चिमेला जाऊन जमीन बघावी. सात जण गेले. तिथे, घरापासून शेकडो मैलांवर, सरकारी माणसांनी दुसरा कागद पुढे केला आणि सह्या घेतल्या. काय, तर जमीन आम्हाला पसंत आहे आणि सगळी जमात इकडे येणार. परत आल्यावर ते सांगत राहिले, आम्ही फक्त बघायला गेलो होतो, सगळ्यांच्या वतीने बोलायला नव्हे. कोणी ऐकलं नाही. मग सात वर्षं लढाई. बहुतेकांना बोटीत घालून नेलं, थोडे दलदलीत लपून राहिले. एमा त्या लपलेल्यांची.

वाड्याची जमीन दाखवायला नेलं तेव्हा शेठच्या टेम्पोत कोण कोण होतं तुला आठवतं? जान्या, त्याची मुलगी सोनकी, आणखी दोघं, आणि मी. मधल्या ढाब्यावर त्यांना मटण खाऊ घातलं. वाड्याला पोचल्यावर जान्याने माती उचलली, नाकाशी नेली. म्हणाला, "माती बरी हाय. पन ही कोनाची?" शेठचा माणूस म्हणाला, आता तुमचीच. जान्या म्हणाला, "आमची कशी? येथं आमचा वाघदेव नाय." शिवेवर वाघदेव नसेल तर वारली ती जागा आपली म्हणत नाही, हे तुला माहीत नाही असं सांगू नकोस. दर वर्षी त्याच्या पूजेला दुकानातून शेंदूर तूच विकायचास.

सोनकी तर तेव्हाच म्हणाली होती, "बघून झाला ना? चला घरा." घरा म्हणजे बोरिवलीला.

आणि झेरॉक्सवर लिहिलंय, 'वाडा येथील जमीन आम्ही समक्ष पाहिली असून ती आम्हास पसंत आहे.' दीडशे वर्षांत कागद लिहिणाऱ्यांना नवीन वाक्य सुचलं नाही.

मला कोर्टाची मराठी कळत नव्हती, सातवी नापास माणूस मी. तू म्हणालास रेशनकार्डाचं आहे, मी तेच पुढे सांगितलं. तेव्हा मला खोट्यात ओढू नकोस.

राजा

२९ डिसेंबर १९८५

दादा,

परवाचा शुक्रवार सांगतो. आणि मागच्या पत्रातला शेवटचा पॅरेग्राफ खोडून वाच. का ते पुढे येईल.

रमणिकभाईंनी एमासाठी कागद करून आणला होता. दहा वर्षं तिने सगळा माल त्यांनाच द्यायचा, आणि तिचे नमुने ते कारखान्यात छापून घेऊ शकतात. तोंडाने म्हणाले, "कंई नथी, रोजच्या खरेदीचा साधा कागद." मग लुईझला बाजूला घेतलं. "तू तिला नीट समजाव. तुझं पण बघू ना आपण."

लुईझ हसली. खुर्ची ओढून आईच्या समोर बसली आणि कागद वाचायला लागली. एक ओळ इंग्लिशमध्ये, मग तीच त्यांच्या भाषेत. म्हातारी विचारायची, ती सांगायची, म्हातारी मान हलवायची की कळलं नाही, ती परत सांगायची. 'फक्त त्यांनाच' एवढ्यावर दोघी दहा मिनिटं अडल्या. कारण म्हातारीला पटेना की कोणी माणूस असं कशाला मागेल. बाहेर गिऱ्हाईक थांबलं. रमणिकभाई घड्याळ बघून बघून थकले. पाऊण तासाने म्हातारी उठली, कागद रमणिकभाईंच्या हातात परत दिला, आणि पिशवीतून पुढचं जाकीट काढून टेबलावर ठेवलं. एकच.

रमणिकभाई म्हणाले, "इतना टाइम? दो मिनिट का काम था."

लुईझ मला म्हणाली, तुझ्या मालकाला सांग, आमच्याकडे हे काम एकदा घाईत झालं होतं. तो जो पहिला कागद झाला, पश्चिमेची जमीन बघायला जाण्याचा, त्यात दोन दुभाषे होते. त्याच कागदात लिहिलेलं आहे की दोघांना दोनशे-दोनशे डॉलर द्यावेत. त्यांनी काय सांगितलं, काय गाळलं, आज कोणी सांगू शकत नाही. "म्हणून मी हळू वाचते," ती म्हणाली.

मी मागे गेलो. चादरींचा ढीग तसाच पडला होता, तो घडी न करता कपाटात कोंबला.

दादा, माझे दोनशे डॉलर तुला पाठ असतील. बोटीवरच्या नोकरीचं बुक, मेडिकल, एजंटचं कमिशन, ती तपकिरी सूटकेस. सगळं शेठने केलं. एकवीस मेला अंगठे, आठ जूनला मी बोटीवर. तू म्हणायचास, नशीब काढलंन पोराने. मीही तेच म्हणायचो.

झेरॉक्स मी काल परत वाचली. 'आम्ही सदर जागा कधीही कसली नाही. सदर जागेवर आमचा हक्क नाही. सदर जागा आम्ही स्वखुशीने सोडत आहोत.' यातला कुठला शब्द सातवी नापास माणसाला अडेल? 'सदर'? मला तेव्हाही अडला नव्हता. ओट्यावर कागद हातात घेतला तेव्हा पहिल्या दमात मला 'सोडत आहोत' दिसलं. मी तुझ्याकडे बघितलं. तू वजनकाट्याकडे बघत होतास.

जान्याने विचारलं, "काय लिव्हलाय?" मी म्हटलं, रेशनकार्डाचं. त्याच्याच बोलीत म्हटलं, म्हणून त्याने पुढे विचारलं नाही. लहानपणापासून त्या पाड्यात बोरं खात वाढलो, त्यांच्यासारखा बोलतो, हे माझं कौतुक होतं ना? तुझं हत्यार तेच होतं आणि ते मी तुझ्या हातात दिलं. शेठकडे वकील होता, तू होतास, पैसा होता. त्यांच्यापैकी कोणाच्या शब्दावर जान्याने शाईला बोट लावलं नसतं. अंगठा उठवून झाल्यावर उरलेली शाई त्याने माझ्या गालाला पुसली, थट्टेने. सगळे हसले. सोनकी म्हणाली, "काळा वांदर." नवव्या अंगठ्यापर्यंत मी तो डाग गालावर घेऊन बसलो होतो.

माझ्या जागी मी काय केलं ते झालं. पण तू? दुकानाच्या जोडीला तू गिरणीत होतास. गिरणीचा संप फसत चालला तेव्हा कामावर परत घेतो सांगून कोऱ्या कागदावर तुझी सही घेतली आणि त्यावर राजीनामा टाइप केला. तू आठ दिवस जेवला नाहीस. वहिनीने दोन घास भरवायला यावं तर ताट भिंतीवर. म्हणायचास, माणसाला मारा, पण त्याच्याच हाताने त्याला मारू नका. वर्ष झालं नव्हतं त्याला. वर्षसुद्धा नाही. ज्याला माहीत नसतं त्याने केलं तर एक वेळ समजेन. तुला त्या शाईचा वास माहीत होता.

मी विमलाबाईंना आजच पत्र टाकलं आहे. काय झालं ते सगळं त्यात आहे. तुझा स्टँपपेपर सहीशिवाय परत पाठवतोय.

राजा

१९ जानेवारी १९८६

दादा,

तुझी तार मिळाली. शेठच्या बिल्डिंगीत पहिल्या मजल्यावरची एक खोली माझ्या नावावर करतोस म्हणे. कोणाच्या झोपडीच्या जागी येते ती खोली? जान्याच्या की त्याच्या भावाच्या? नकाशा पाठवला असतास तर निवड केली असती.

विमलाबाईंचं उत्तर आलं. लिहितात, 'तुमचं पत्र वाचून रडू आलं आणि रागही आला. पण तिकडून आलेल्या साध्या पत्राला मामलेदारांपुढे किती वजन येईल सांगता येत नाही. त्यांच्याकडे नऊ अंगठे आहेत. माणूस स्वतः उभा राहिला तर गोष्ट वेगळी.' खाली लिहितात, 'मात्र तुम्ही खरं सांगितलंत तर तुमच्यावरही फसवणुकीची केस होऊ शकते, हे तुमच्यापासून लपवणं मला योग्य वाटत नाही.' बाई मास्तरीण शोभतात. पाऊण तास वाचणाऱ्यांतल्या आहेत.

इथल्या वकिलाती-बिकिलातीत जाऊन शिक्का मारून आणावा म्हटलं, तर माझ्या पासपोर्टवर या देशात शिरल्याचा शिक्काच नाही. ते आधी मलाच धरतील. तेव्हा कागद पाठवून भागत नाही. मी येतोय.

रमणिकभाईंना सांगितलं. आधी हसले. मग म्हणाले, "गांडो थई गयो? वेडा झालास? एकदा गेलास की परत येता येणार नाही. इथे यायला लोक बायकांचे दागिने विकतात." खरं आहे ते. मग तिकिटाला कमी पडत होते ते त्यांनीच घातले आणि वर तासभर शिव्या दिल्या. माणसं एका रंगाची नसतात हे मला इकडे येऊन कळलं. तुझ्याबद्दलही मी हे विसरू नये म्हणून लिहून ठेवतोय. बाबा गेले तेव्हा तू रात्रपाळी करून माझी फी भरलीस. मी नापास झालो तो माझा दोष. पण ती फी मी या नऊ जणांच्या जागेतून फेडणार नाही.

आईने शेजारच्या अनुपमाकडून तुझ्या नकळत चार ओळी लिहून घेतल्या. 'झिला, खोटा बोला नको. पण भावाक तुरुंगात घालू नको.' दोन्ही एकदम कसं करायचं ते आई लिहीत नाही. मी खूप विचार केला. तुझ्याकडे अजून एक वाट आहे, ती मला नाही. १० तारखेच्या आत तू स्वतः मामलेदाराकडे जा आणि सांग की अंगठे रेशनकार्डाचं सांगून घेतले. तू गेलास तर मी तुझ्या शेजारी उभा राहून म्हणेन की सांगणारा मी होतो. दुकान जाईल, शेठ सोडणार नाही, सुलक्षणावहिनी माझं तोंड बघणार नाही. ते सगळं होईल. नाही गेलास तर मी एकटा सांगेन आणि तुझं नाव गाळणार नाही. आईसाठी मी एवढीच वाट काढू शकलो.

शुक्रवारी एमाला लुईझने सांगितलं की हा परत जातोय आणि का जातोय. म्हातारीने लुईझला बरंच काही विचारलं. मला वाटलं आता आशीर्वाद देईल, डोक्यावर हात ठेवेल. लुईझ म्हणाली, "ती विचारते, नऊ जणांपैकी किती जिवंत आहेत?" दोन वर्षं आठ महिन्यांत मी एकदाही विचारलं नव्हतं. म्हातारी उठून गेली.

५ फेब्रुवारीला सकाळी सहार विमानतळावर उतरतो. घ्यायला येऊ नकोस, कोणाला पाठवू नकोस. घरी येणार नाही. सरळ पाड्यावर जाणार. जे कोणी जिवंत आहेत त्यांना बसवून झेरॉक्स त्यांच्या बोलीत वाचणार, एकेक ओळ, सदरसकट. कळलं नाही म्हणाले तर परत. मग हे सगळं मला त्या दिवशी दिसत होतं, तरी मी रेशनकार्ड म्हटलं, हेही त्यांच्याच बोलीत सांगणार. जान्या मारेल तर मारू दे. सोनकी थुंकेल. ते मी धरून चाललोय. जान्या काहीच न बोलता उठून आत गेला तर काय करायचं, ते अजून मला सुचलेलं नाही.

त्यांनी मला कचेरीत त्यांच्या बाजूने उभं राहू दिलं तर मी त्यांच्या बाजूने बोलेन. नको म्हणाले तर मामलेदारासमोर माझ्यापुरता बोलेन. पण आधी त्यांना विचारीन.

तू १० तारखेला ये. तुझ्या पाठीमागे बोललो असं मला होऊ द्यायचं नाहीये.

राजाराम